मोरेश्वरभाऊंच्या हातच्या वड्या

पांढुर्ण्याच्या कापूस मंडीत मोरेश्वर गायधने हा माणूस दोन गोष्टींसाठी प्रसिद्ध होता. एक कापूस आणि दुसरी सांबारवडी. त्यातला कापूस त्यांना खरोखर कळत असे. वडीचं काय ते पुढे येईलच. ती हकिकत मोरेश्वरभाऊ स्वतःच गावभर सांगत सुटतात, त्यामुळे ती इथे सांगण्यात चहाडी केल्याचं पाप काही लागायचं नाही.

भाऊ एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, ग्रेडर होते. कापसाची बंडी, म्हणजे बैलगाडी, आली की ढिगात कोपरापर्यंत हात खुपसायचा, आतला चिमूटभर कापूस बाहेर काढायचा, दोन्ही अंगठ्यांत धरून हलकेच ओढायचा, धागा किती लांब निघतो ते पाहायचं आणि निकाल द्यायचा. ‘पहिला’, ‘दुसरा’, नाहीतर ‘ओल हाय, वाळवून आना’. तोवर बंडीवाला डोक्यावरचं मुंडासं हातात घेऊन त्यांच्या तोंडाकडे बघत उभा. वीस वर्षं माणसं अशी आपल्या तोंडाकडे बघत उभी राहिली की आपलं तोंड देवाने निकाल देण्यासाठीच घडवलं आहे असं कोणालाही वाटू लागेल. भाऊंनाही वाटू लागलं. कापसावरून ते आमटीवर आले, आमटीवरून लग्नातल्या बुंदीवर आणि बुंदीवरून लोकांच्या जावयांवर. विचारलं कोणीच नव्हतं.

पण त्यांचा खरा जीव सांबारवडीवर. आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात. दिवाळीच्या सुमाराला तिगावच्या मळ्यांतून सांबाराच्या जुड्या बाजारात यायला लागल्या की घरोघरी वड्या सुरू होतात. बेसन आणि कणकेची पातळ पारी लाटायची, तिला चिंचेचं पाणी आणि काळा मसाला चोपडायचा, त्यावर सांबार, खोबरं, खसखस, लसूण, मिरचीचं सारण ठेवायचं, पाकिटासारखी घडी घालायची आणि मंद आचेवर तळायची. सारण कोणालाही जमतं. बाई ओळखायची ती पारीवरून. पारी दाताखाली चुरचुरली पाहिजे, हातात मोडली पाहिजे आणि तेलकट मात्र लागता कामा नये.

लग्नाच्या पंगतीत भाऊ पहिला घास घेत आणि डोळे मिटत. वाढणारे थबकत. मग भाऊ डोळे उघडून म्हणत, “मोहन कमी पडलं.” किंवा, “तेल तापलं नवतं.” मोहन म्हणजे पिठात घालायचं कडकडीत तेल. बिचारी आचारीण मांडवामागून हे ऐकत असे. आणि कोणी म्हटलंच, की जाऊ द्या ना भाऊ, लग्नाचं घर आहे, तर त्यांचं उत्तर ठरलेलं होतं: “खान्याच्या बाबतीत आपन खोटं बोलत नाई.”

हे सगळं बोलणाऱ्या माणसाने जन्मात कधी परातीला हात लावला नव्हता. सुनंदावहिनी माहेरी गेल्या की साखरेचा डबा कोणता हे विचारायला भाऊ शेजारी जात. शेजारीण स्वतः येऊन त्यांच्याच घरातला डबा काढून देई. ही गोष्टसुद्धा भाऊच सांगतात, आणि सांगताना त्यांना अजून थोडा अभिमान वाटतो, ते काही गेलेलं नाही.

तर ब्याऐंशी साली, माघ महिन्यात, भाऊंनी स्टेशनच्या बाजूला दोन खोल्यांचं स्लॅबचं घर बांधलं. वास्तूला रामाकोन्याहून त्यांची थोरली बहीण आली. नाव प्रेमलता, पण घरात लहानपणापासून सगळे तिला बाईच म्हणत. आई गेली तेव्हा भाऊ सात वर्षांचे होते आणि बाई तेरा. तिने शाळा सोडली आणि चूल धरली. वडी कशाशी खातात हे भाऊंना कळलं तेच मुळी बाईच्या हातून. ती बाई आता भावाच्या नव्या घरासाठी शंभर सांबारवड्या घेऊन आली, मोठा पितळी डबा मांडीवर धरून, सौसरला गाडी बदलून. सोबत तिचे यजमान पुंडलिकराव आणि मुलीच्या सासरची चार माणसं होती.

पंगत बसली. पन्नास पानं होती. भाऊ यजमान, नवं धोतर, कपाळाला अक्षता, आणि सगळ्यांची नजर त्यांच्यावर. त्यांनी वडी उचलली. चावा घेतला. डोळे मिटले. डोळे उघडले, आणि उरलेल्या वडीची पारी दोन अंगठ्यांत धरून कापसासारखी ओढली. पारी तुटायची सोडून लांबली.

“बाई,” भाऊ मोठ्याने म्हणाले, “याच्या तं चपला होतीन. एक जोड माह्या मापाचा काढून ठेव.”

पन्नासच्या पन्नास माणसं हसली. मुलीच्या सासरची चारही हसली. बाईसुद्धा हसली. मग तिने रिकामा डबा घासला, पुसला आणि संध्याकाळच्या बसने ती रामाकोन्याला परत गेली.

त्या वर्षीच्या भाऊबीजेच्या आधी बाईचं पोस्टकार्ड आलं, की घरी पाहुणे आहेत, येऊ नको. त्र्याऐंशीला आलं की वेचणीची गडबड आहे, येऊ नको. चौऱ्याऐंशीला कार्डच आलं नाही. भाऊंनी तिन्ही वेळा खांदे उडवले आणि दिवाळीचा फराळ केला. त्यात चकली थोडी कडक झाली आहे असा निकालही दिला. दुसऱ्याच्या कापसातली ओल ज्याच्या बोटाला कळते, त्याला सख्ख्या बहिणीचा राग कळायला तीन वर्षं लागली, असं ते आता म्हणतात. वर म्हणतात, की मालकाला हे कळलं असतं तर त्याने त्याच दिवशी नोकरीवरून काढलं असतं आणि ते वाजवी झालं असतं.

तो राग कळला तो पुंडलिकरावांकडून. पंच्याऐंशीच्या दसऱ्यानंतर ते मेटॅडोरमध्ये पहिल्या वेचणीचा कापूस घेऊन पांढुर्ण्याला आले. भाऊंनी त्यांच्या कापसाला ‘पहिला’ दिला. तो होताच पहिला. मग दोघे मंडीच्या फाटकाजवळ चहा प्यायला बसले.

“भाऊजी, बाई कशी हाय?”

पुंडलिकराव बशीत चहा ओतत म्हणाले, “हाय. तीन भाऊबीजा झाल्या, चंद्राले ओवाळून राहिली.”

जिला भाऊ नसतो ती बाई भाऊबीजेला चंद्राला ओवाळते. आपल्याकडची जुनी रीत आहे.

“शेजारनीनं तिले इचारलं,” पुंडलिकराव पुढे म्हणाले, “का भाऊ कधी वारला म्हनून.”

भाऊंच्या बशीतला चहा धोतरावर सांडला. पोळलं असणार, पण ते त्यांना आठवत नाही. आपण जिवंत असून बहिणीने आपल्या जागी चंद्राला बसवलं, आणि तेही तीन वर्षं, हे त्यांना आत कुठेतरी फार लागलं.

“यंदा येतो मी,” ते म्हणाले. “सांगा तिले.”

“मले ठावं होतं तू असं म्हनशीन. तिलेबी ठावं होतं. तिनं निरोप देल्ला हाय.” पुंडलिकरावांनी बशी खाली ठेवली आणि बाईचा निरोप बाईच्याच आवाजात सांगायचा प्रयत्न केला. “येवाचं असन तं सांबारवड्या घेऊन ये म्हना. आपल्या हातानं केलेल्या. सुनंदाच्या हातच्या आनल्या तं मले पहिल्या घासात समजते. तशा आनल्या तं दारातूनच वापस जाय म्हना.”

घरी येऊन भाऊंनी हा निरोप सांगितला तेव्हा सुनंदावहिनी तांदूळ निवडत होत्या. त्या आधी हसल्या, मग सूप खाली ठेवून हसल्या, आणि शेवटी भिंतीला टेकून डोळ्यांना पदर लावून हसल्या.

“तुमी? वड्या?”

“त्यात काय हाय? सारं ठावं हाय मले. वीस वर्षं सांगून राहिलो लोकाइले.”

“मंग करा ना बाप्पा,” वहिनी म्हणाल्या. “मी हात लावनार नाई. तोंडबी उघडनार नाई. बाईले समजलं तं तुमच्या संगं माहाबी दार बंद.” आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्याजवळ पाट घेऊन त्या बसल्या. सर्कशीचं पुढच्या रांगेचं तिकीट काढल्यासारखं त्यांचं तोंड झालं होतं.

भाऊंनी बेसन घेतलं, कणीक घेतली, तिखट, मीठ, हळद, ओवा घातला. मोहन घातलं. कमी पडायला नको म्हणून पुष्कळ घातलं. पाणी ओतलं आणि मळायला सुरुवात केली. गोळा झाल्यावर त्यांनी सवयीने त्यातला एक तुकडा काढला, दोन अंगठ्यांत धरला आणि ओढला. तो चटकन तुटला. भाऊंच्या कपाळावर आठी आली. आखूड धागा! असला माल त्यांनी जन्मात पास केला नव्हता. मग त्यांनी आणखी कणीक घातली, आणखी पाणी घातलं आणि परात गुडघ्यात धरून तासभर तो गोळा रगडला. रगडून रगडून घामाने बनियन अंगाला चिकटलं. शेवटी तुकडा ओढला तर तो बोटभर लांबला. “पहिला!” असं भाऊ मोठ्याने म्हणाले आणि त्यांनी विजयाने वहिनींकडे पाहिलं. वहिनींनी पदर तोंडात धरला होता.

त्या दिवशीच्या वड्या दाताने तुटल्या नाहीत, विळीवर चिराव्या लागल्या. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमारीला पांढुर्ण्याचे आणि सावरगावचे लोक जाम नदीच्या दोन काठांवरून एकमेकांना दगड मारतात. वहिनींनी न बोलण्याचं व्रत तेवढ्यापुरतं मोडलं. “पोया होऊन गेला,” त्या म्हणाल्या, “नाई तं सावरगाववाल्याइवर फेकाले कामी पडल्या असत्या.”

दुसऱ्या खेपेला भाऊंनी मोहन इतकं वाढवलं की कढईत सारण पोहत राहिलं आणि पारीचा पत्ता लागला नाही. तिसऱ्या खेपेला मोहन आणि रगडणं दोन्ही वाढवलं. त्याचं काय झालं ते भाऊ सांगत नाहीत. ज्या माणसाला स्वतःची फजिती सांगायला एवढं आवडतं, तोही जिथे गप्प बसतो, तिथे आपणही विचारू नये.

दिवाळीला आठ दिवस उरले. भाऊंची जेवणावरची वासना उडाली. मंडीत कापूस हातात धरून ते भलतीकडेच बघत उभे राहत आणि बंडीवाल्यांना वाटे की माल नापास झाला. शेवटी एका रविवारी त्यांनी टोपी घातली, पुलावरून जाम नदी ओलांडली आणि सावरगावात शकुबाईच्या दारात जाऊन उभे राहिले.

शकुबाई म्हणजे दोन्ही काठांवरच्या लग्नांची आचारीण. भाऊंनी ‘मोहन कमी पडलं’ हे वाक्य आयुष्यात जितक्या वेळा उच्चारलं, त्यातलं निम्मं तिच्या वाट्याला आलं होतं. तिने भाऊंना पाहिलं, कमरेवर हात ठेवले आणि विचारलं, “काहून, भाऊ? आज कोनाचं लगन नाई इकडे. कोनाले नावं ठेवाले आले?”

भाऊंनी सगळं सांगितलं. चपलेपासून चंद्रापर्यंत. सांगताना मान वर झाली नाही. शकुबाईने ऐकून घेतलं आणि परात पुढे सरकवली.

“मळा. पाहू द्या मले.”

भाऊंनी मळायला घेतलं. गोळा झाला. झाल्यावर ते रगडायला लागले आणि मधेच एक तुकडा अंगठ्यांत धरून त्यांनी ओढला.

“थांबा, थांबा. हे काय करून राहिले?”

“धागा पाहून राहिलो.”

शकुबाईने तो तुकडा त्यांच्या हातातून काढून घेतला. “भाऊ,” ती म्हणाली, “हा कापूस हाय का? याचं काय धोतर इनता? कापसाचा धागा लांब पायजे, बराबर हाय. पन पारीचा धागा लांबला का वडी मेली. तो तोडाच लागते. मोहन कडकडीत घाला. मंग दोन्ही तळहातानं पीठ चोळा, कनाकनाले तेल लागलं पायजे. मूठ आवळली का मुटका झाला पायजे अन् बोटानं दाबला का फुटला पायजे. पानी हातानं शिंपडून घाला. गोळा झाला का हात काढा बाहेर. रगडू नोका. ओढू तं बिलकूल नोका.”

ऐकायला सोपं होतं. पण वीस वर्षांचे अंगठे ऐकेनात. गोळा झाला रे झाला की ते आपोआप पुढे होत आणि ओढत. तिसऱ्यांदा तसं झालं तेव्हा शकुबाईने चुलीजवळचं फडकं फाडलं आणि भाऊंचे दोन्ही अंगठे तळहाताशी बांधून टाकले. पांढुर्ण्याच्या मंडीचा ग्रेडर असा अंगठे बांधलेल्या हातांनी परातीसमोर बसला आणि सावरगावच्या चार बाया दारातून डोकावून बघून गेल्या. तो गोळा पहिल्यांदा बरा झाला.

पाच दिवस भाऊ रोज जिनिंग सुटल्यावर नदी ओलांडत होते. शकुबाईने एकदाही कौतुक केलं नाही. पाचव्या दिवशी तिने त्यांची वडी खाल्ली, डोळे मिटले, उघडले आणि अगदी भाऊंच्या आवाजात म्हणाली, “मोहन जरा कमी पडलं.” मग दुसरी उचलली. भाऊंना इतका आनंद झाला की परतताना पुलावर भेटलेल्या ओळखीच्या माणसाला थांबवून त्यांनी त्याला पीठ कसं चोळायचं ते सांगितलं. तो माणूस औषध आणायला निघाला होता.

आता वड्या आदल्या दिवशी करून ठेवता आल्या असत्या. वहिनींनी भुवई उंचावून तसं सुचवलंही. पण शिळी वडी बहिणीपुढे ठेवील तो मोरेश्वर कसला? भाऊबीजेच्या दिवशी पहाटे उठून त्यांनी स्वतः चूल पेटवली, सांबार आधीच धुऊन फडक्यावर वाळवलेला होता, मोहन तापवलं, पीठ चोळलं. अंगठे स्वतःच मुठीत दाबून धरले. चाळीस वड्या झाल्या. त्यातली एक त्यांनी खाल्ली. पारी चुरचुरली, मोडली, जिभेवर विरघळली. स्वतःच्या वडीला काय निकाल द्यावा हे त्यांना सुचेना. वहिनींनी एक खाल्ली, मग आणखी दोन खाल्ल्या. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, मिरचीचं असेल.

सौसरची गाडी नऊची. भाऊंनी शेवटचा घाणा कढईतून काढला तो थेट डब्यात. सगळ्या वड्या गरम गरम डब्यात भरल्या, खाली-वर वर्तमानपत्र घातलं, झाकण दाबून बसवलं आणि ऊब जाऊ नये म्हणून वरून टॉवेल गुंडाळून गाठ मारली. वहिनी तेव्हा ओवाळणीची साडी काढायला आत गेल्या होत्या. त्या टॉवेलची कल्पना स्वतःला सुचली याचं भाऊंना बसमध्ये बसेपर्यंत कौतुक वाटत होतं.

डबा मांडीवर होता. मांडी छान शेकत होती. शेजारच्या प्रवाशाला भाऊंनी पारीचं शास्त्र सांगितलं, पुढच्या बाकावरच्यालाही सांगितलं. तो सौसरच्या आधीच उतरून गेला, बहुतेक त्याचं गाव अजून पुढे होतं.

सौसरच्या स्टँडवर रामाकोन्याच्या गाडीला तासभर अवकाश होता. भाऊंनी सहज, नुसतं बघून खूश व्हायला, टॉवेल सोडला आणि झाकण उघडलं. झाकणाच्या आतून पाणी टपटप पडलं. वर्तमानपत्र ओलं होऊन वड्यांना चिकटलं होतं. भाऊंनी वरची वडी उचलली. ती मोडली नाही, वाकली. त्यांनी चावा घेतला. मग, नको नको म्हणत असताना, अंगठे पुढे झाले आणि त्यांनी पारी ओढली. पारी लांबली.

भाऊ बाकावर बसून राहिले. मोहन बरोबर होतं. पीठ चोळलेलं होतं. आच मंद होती. सकाळी आठ वाजता ती वडी पांढुर्ण्यात एक नंबर होती आणि साडेदहाला सौसरच्या स्टँडवर तिची चप्पल झाली होती. केलं काय, तर बहिणीला गरम मिळावी म्हणून झाकण घट्ट लावलं.

आणि मग त्यांच्या डोक्यात लखकन प्रकाश पडला. वास्तूच्या दिवशी बाईचा तो पितळी डबाही याच स्टँडवर उतरला होता. भावाच्या वास्तूला ताज्या वड्या पाहिजेत म्हणून बाईही अशीच पहाटे उठली असणार, अशाच गरम गरम भरल्या असणार, असंच झाकण दाबलं असणार. तिच्या वड्या रामाकोन्याच्या चुलीवरून उतरल्या तेव्हा कशा होत्या? भाऊंनी ते विचारलं नव्हतं. ज्या हातांनी त्यांना वडी म्हणजे काय ते शिकवलं, ते हात एका दिवसात बिघडले कसे, हा प्रश्नसुद्धा त्यांना पडला नव्हता. त्यांना फक्त चपला सुचल्या होत्या. त्यांना स्वतःची इतकी लाज वाटली की शेजारी बसलेल्या म्हातारीने त्यांना पाणी पाहिजे का म्हणून विचारलं.

स्टँडसमोरच्या हॉटेलात सांबारवड्या तळून निघत होत्या. भाऊ तिथे गेले. एक खाल्ली. उत्तम होती. पारी अशी चुरचुरत होती की भाऊंना त्या हॉटेलवाल्याचा राग आला. डबा रिकामा करून त्यात या भरून न्यायला किती वेळ लागला असता? बाईने पहिल्या घासात ओळखलं असतं, की ओळखलं नसतं? भाऊ कढईसमोर उभे राहून बराच वेळ विचार करत होते. हॉटेलवाला दोनदा म्हणाला, “बोला भाऊ, किती देऊ?” पांढुर्ण्याला परत जाणारी गाडीही समोरच उभी होती. शेवटी रामाकोन्याची गाडी आली आणि भाऊ आपल्या वाकणाऱ्या वड्या घेऊन तिच्यात चढले. टॉवेल मात्र गुंडाळला नाही.

बाई अंगणातच होती. जवळजवळ चार वर्षांत तिचे केस बरेच पिकले होते. ते पाहून भाऊ फाटकाशीच थांबले.

“आला?”

“आलो.”

तिने हात पुढे केला. भाऊंनी डबा दिला. ओटीवर पाट मांडलेला होता, भोवती रांगोळी होती, ताटात निरांजन लावून ठेवलं होतं. पुंडलिकराव झोपाळ्यावरून उठून आले. बाईने झाकण काढलं, वरचा ओला कागद सोलून बाजूला केला आणि एक वडी उचलली. ती तिच्या बोटांवर वाकली.

सांगण्यासारखं भाऊंकडे पुष्कळ होतं. मोहन, आच, डबा, वाफ, टॉवेल, सगळं ओठांवर आलं होतं. पण त्या दिवशी पंगतीत बाईला कोणी काही सांगायला वेळ दिला नव्हता. म्हणून भाऊंनी तोंड उघडलं नाही. ते बंडीवाल्यासारखे टोपी हातात घेऊन तिच्या तोंडाकडे बघत उभे राहिले.

बाईने घास घेतला. सावकाश चावला. पुंडलिकरावांनीही एक तोंडात टाकली आणि ते म्हणाले, “अबे, हे तं...” बाईने त्यांच्याकडे पाहिलं. “...चांगली हाय,” पुंडलिकराव म्हणाले आणि दुसरी घेतली.

“चांगली झाली रे,” बाई म्हणाली.

सरळ सरळ खोटं होतं. खाण्याच्या बाबतीत इतकं धडधडीत खोटं भाऊंसमोर आजवर कोणी बोललं नव्हतं. इतकं साधं होतं ते. चार शब्दही नव्हते. तेवढे पन्नास माणसांसमोर त्यांना बोलता आले असते तर काय बिघडलं असतं? बावन्न वर्षांचा तो माणूस भर अंगणात रडायला लागला.

“खोटं बोलून राहिली तू, बाई. नरम पडल्या त्या. डब्यात नरम पडल्या. तुह्याबी तशाच पडल्या होत्या ना? मले आज सौसरले समजलं.”

बाईने उरलेली वडी तोंडात टाकली, हात पदराला पुसले आणि निरांजनाचं ताट उचललं.

“तुले काय समजते वडीतलं?” ती म्हणाली. “बस पाटावर. वात विझून राहिली.”

हा निकाल भाऊंना मान्य होता. त्यांनी डोळे पुसले, टोपी घातली आणि पाटावर जाऊन बसले.